रंगवाल्यांची वहिनी, पंपवाल्यांची ताई

अंबरनाथ,
६ सप्टेंबर १९८६

सुनेत्राबाईंना नमस्कार.

तुम्ही मला ओळखत नाही. मी मधु, बेलवलीचा. इथे रंगाच्या कारखान्यात आहे, भरलेल्या डब्यांना झाकणं ठोकतो. आमच्या नाटकाचे डायरेक्टर विष्णुपंत म्हणाले, बाईंना पत्र टाक, तुझं अक्षर बरं आहे. अक्षर बरं असणारच, बारावीचे पेपर दोनदा लिहिलेत.

मुद्दा असा की नोव्हेंबरात कल्याणला कारखान्यांची आणि बँकांची नाट्यस्पर्धा आहे आणि आम्हाला वहिनी पाहिजे. आमच्याकडे चारशे माणसं, त्यात बायका तीन. दोघी म्हणाल्या घरी विचारून सांगतो, ते अजून विचारतायत. तिसऱ्या सगुणाबाई, झाडू मारतात, त्या म्हणाल्या करीन पण वहिनी नाही करणार, पोलीस करीन. नाटकात पोलीस नाही. तर तुमचं नाव निघालं. पंत म्हणतात, ह्या बाई स्टेजवर आल्या की समोरच्या गड्याला पण अभिनय यायला लागतो. समोरचा गडी मी आहे. तुमचा दीर. घरातून पळून गेलेला, परत येतो, आणि वहिनी त्याला घरात घेते की नाही ह्यावर सगळं नाटक.

माझं स्वतःचं पण एक ह्यात अडकलंय. मला मे महिन्यात कामावर घेतलं तेच नाटकासाठी. आमच्या जत्रेतलं काम श्यामकांत साहेबांनी पाहिलं. साहेब पर्सोनेल ऑफिसर आहेत, नाटकाचा भारी नाद. सध्या मी टेंपररी. टेंपररीला सहा महिने झाले की आठवडाभर घरी बसवतात, म्हणजे सलग नोकरी धरत नाहीत, ह्याला ब्रेक म्हणतात. साहेब म्हणाले, नाटक पहिलं आलं तर मधु, तुला पर्मनंट करतो. आजपर्यंत मी नाशिकला दोन महिने, भिवंडीत लूमवर चार, आणि एका ट्रकवर क्लीनर म्हणून पार इंदूरपर्यंत, असं करत आलोय. इंदूरला पोहे काय मिळतात, ते एक वेगळं सांगेन. तर पहिल्यांदाच कुठेतरी टिकावं असं वाटतंय.

काल उल्हासनगरला मिशी घ्यायला आलो होतो. दुकानदार म्हणाला, साईं, मूंछ नहीं है, चोटी ले जाओ. तुमचं घर तिथून जवळच असणार, पण पत्ता घरी विसरलो होतो.

आपला,
मधु

•

उल्हासनगर, कॅम्प नंबर चार,
११ सप्टेंबर १९८६

मधु यास,

वहिनी करते. अटी लिहिते त्या पंतांना वाचून दाखव. तालमीचे पंचवीस, प्रयोगाचे दोनशे, रिक्षाभाडं वेगळं. प्रयोगाचे पैसे तोंडाला रंग लावायच्या आधी. रंग पुसल्यावर कोणी ओळख देत नाही. दिवसभर मी पँटींच्या कारखान्यात काजबटणं करते, सहाला सुटते, तेव्हा तालीम साडेसहाला म्हणजे साडेसहालाच. घरी सोडायला कोणीतरी यावं. घरात माझी आई, तिला सगळे माईच म्हणतात, आणि मुलगी मीनल, ती दहावीला. कमावणारी मी एकटी. नाटकं नसती तर नुसत्या बटणांवर भागलं नसतं.

आणखी एक आत्ताच सांगते, मागाहून बोभाटा नको. ह्याच स्पर्धेत मी पंपांच्या कारखान्याचं नाटक करतेय, आणि एका बँकेचं. पुरुष सगळीकडे पोत्यानं, बायका नाहीत. ह्या पट्ट्यात आम्ही चार-पाच जणीच फिरतो. गेल्या वर्षी पहिलं बक्षीस मला होतं आणि दुसरंही मलाच. माई विचारते, दुसरीला राग आला असेल ना गं तुझा?

तुझं पर्मनंटचं वाचलं. साहेबांनी लिहून दिलंय का? नसेल दिलं तर तसं विचारू नकोस, पण लक्षात ठेव.

सुनेत्रा

•

अंबरनाथ,
२ ऑक्टोबर १९८६

ताई,

रोज भेटतो आणि पत्र लिहितोय, पण तालमीत पंत बोलू देत नाहीत आणि रिक्षात तुम्ही डोळे मिटून पुढच्या नाटकाची वाक्यं घोकत असता. परवा रिक्षावाल्यानं मला हळूच विचारलं, बहनजी को बुखार है क्या.

एक कबूल करायचंय. दर बुधवारी तुम्ही पंपवाल्यांकडे तालमीला जाता ना, तिथे मी कँटीनच्या जाळीमागे बसलेला असतो. वॉचमनला सांगितलं, बहिणीला न्यायला आलोय. पहिल्या दिवशी उगाच गेलो, म्हणजे खरं तर चिखलोलीच्या माळावर पतंग कापाकापी चालली होती ती बघायला निघालो होतो, रस्ता चुकला म्हणा. पण मग राहवेना. त्यांचं नाटक आपल्यापेक्षा चांगलं आहे, तुम्ही त्यात ताई होता आणि तो सात वर्षांनी घरी आलेला भाऊ. मात्र भाऊ करणारा तो स्टोअरकीपर, भगवंत, तो नुसता पंपासारखा उभा असतो. त्याची सगळी वाक्यं मला पाठ झाली. रात्रपाळीत झाकणं ठोकताना म्हणतो. शेजारचा विचारतो, कोण ताई रे तुझी?

एक बघितलं का तुम्ही. दोन्ही नाटकांत कोणीतरी परत येतं, आणि दोन्हीकडे तुम्ही त्याला पहिलं हेच विचारता, “चहा घेणार?” आपल्याकडे मी लगेच म्हणतो, “नको वहिनी, मी निघालोच.” तिकडे भाऊ गप्प बसतो आणि तुम्हीच पुढे म्हणता, “साखर किती घालू, तेही विसरले.” ते ऐकून मला दर बुधवारी कसंतरी होतं.

मधु

•

उल्हासनगर,
७ ऑक्टोबर १९८६

मधु,

बुधवारचं ताबडतोब बंद कर. दुसऱ्या कारखान्याची तालीम चोरून बघणं म्हणजे काय, ते तुला कळत नाही. तुझ्या साहेबांना कळलं तर म्हणतील हा त्यांना जाऊन मिळाला, आणि पंपवाले म्हणतील ही बाई आमचं नाटक तिकडे पोचवते. तुझं काय, तू इंदूरला जाशील. मला इथेच राहायचंय.

चहाचं म्हणशील तर मी आजवर तेरा नाटकांत चहा दिलाय, एकाही कपात चहा नव्हता. नऊ दिवसांत तीन नाटकं करायची तर डोक्यावर विसंबून चालत नाही, हातावर विसंबायचं. म्हणून मी पहिल्या तालमीलाच सांगते की माझी वस्तू बदलायची नाही. रंगवाल्यांकडे पितळी कप, पंपवाल्यांकडे काचेचा ग्लास, बँकेच्या नाटकात सूप आणि तांदूळ. हाताला काय लागतं त्यावरून मला कळतं मी कुठल्या घरात आहे, आणि तोंड आपोआप त्या घरातलं बोलतं.

तू काम चांगलं करतोस. फक्त माझं बोलणं संपायच्या आत तुझी नजर दुसरीकडे जाते. समोर बघत जा.

सुनेत्रा

•

अंबरनाथ,
१५ नोव्हेंबर १९८६

ताई,

बुधवार बंद केला. एकदाच गेलो नंतर, ते धरू नका.

साहेबांनी माझा ब्रेक पुढे ढकलला. म्हणाले, स्पर्धेच्या तोंडावर तुला कुठे घरी बसवू, निकाल लागू दे, मग ब्रेकच नाही. हे घरी सांगितलं तर आमचा जनूदादा, मोठा भाऊ, भेंडी तोडता तोडता म्हणाला, “मदू, कारखान्यान डबं ठोकतस का तोंड रंगवतस, येक काय त ठरव.” दादाला वाटतं नाटक म्हणजे मी फुकटात करतो. त्याला सांगितलं नाटकावरच नोकरी मिळणार आहे, तर भेंडीकडे बघूनच हसला.

सामानाचं काम माझ्याकडे आलंय. शुक्रवारी २१ तारखेला दुपारी चारला मी ट्रंक आणि पिशवी घेऊन कल्याणला हॉलवर पोचतो. तुम्ही साडेपाचला या. पैसे पंतांकडे पाकिटात तयार आहेत, मी डोळ्यांनी बघितले.

मधु

•

उल्हासनगर,
३० नोव्हेंबर १९८६

मधु,

कारखान्यात चौकशी केली तर कळलं तुला काढलं, म्हणून हे पत्र बेलवलीला तुझ्या भावाच्या पत्त्यावर टाकतेय.

निकाल तुला कळला असेल. आपलं नाटक बादच केलं. परीक्षकांपैकी एकानं एकोणीस तारखेचं पंपवाल्यांचं नाटक पाहिलं होतं. दोन दिवसांनी आपल्या नाटकात एक पूर्ण पान तेच ऐकलं तर दुसरं काय करतील. लोकांना काही कळलं नाही, उलट त्या पानालाच टाळी पडली.

मला तुझा राग आलाय. मी “चहा घेणार?” म्हटलं आणि तू गोठलास. नुसता माझ्याकडे बघत राहिलास. रिकामी जागा पडली म्हणून मी तोंडाला येईल ते बोलून सांभाळून घेतलं. तू आपल्या नाटकात परत यायचं सोडून भगवंताची वाक्यं सुरू केलीस. विंगेत पंतांनी विचारलं काय झालं, मी सांगितलं, मुलगा अडखळला. जे घडलं तेच सांगितलं. साहेब तिथेच उभे होते.

तुझी नोकरी गेली ह्याचं वाईट वाटतं. पण मी सांगितलं होतं, बुधवारी जाऊ नकोस.

सुनेत्रा

•

मुक्काम कुडाळ,
२४ डिसेंबर १९८६

ताई,

तुमचं पत्र दादानं इकडे पाठवलं. मी एका नाटक कंपनीबरोबर दौऱ्यावर आहे. खरी धंद्याची कंपनी, मालक श्रीपादराव. मी हवालदार. दोन वेळा येतो, सात वाक्यं. नाईट पस्तीस रुपये. नाईट म्हणजे एका प्रयोगाचे, त्यात सेट लावणं आणि काढणं धरलेलं. प्रयोग झाला नाही तर फक्त जेवण. गेल्या आठवड्यात तीन प्रयोग रद्द झाले, मी कुडाळ सगळं पायी बघून घेतलं.

तुम्ही लिहिलंत मी गोठलो. बरोबर आहे. पण का ते तुम्हाला माहीत नाही, ते मी साहेबांनाही सांगितलं नाही. त्या दिवशी सामान घेऊन निघालो, ट्रंक टेंपोत टाकली आणि पिशवी घेऊन मी उल्हासनगरला उतरलो, वेळ होता म्हणून. फर्निचर बाजारात एक तीन पाखांचा आरसा उतरवत होते. त्यात मी एकाच वेळी समोरून आणि दोन्ही बाजूंनी दिसलो. असा मी आयुष्यात दिसलो नव्हतो. तिथेच उभा राहून माझी एंट्री करून बघितली. दुकानातले दोघं कामं सोडून बघायला लागले, एक म्हणाला, “फिर से कर.” परत केली. कल्याणला पोचलो तेव्हा लक्षात आलं, पिशवी तिथेच राहिली. पिशवीत पितळी कप.

हॉलबाहेरच्या टपरीवरून काचेचा ग्लास आणून ठेवला. म्हटलं एक ग्लास काय, कोणाला कळतंय. पडदा वर गेला, तुम्ही वळलात, हातात तो ग्लास, आणि तुम्ही विचारलंत, “चहा घेणार?” तेव्हा मला तुमचं ते पत्र आठवलं, हाताला काय लागतं त्यावरून घर कळतं. तुम्ही दुसऱ्या घरात गेला होता, आणि पाठवलं मी होतं. म्हणून गोठलो. मग तुम्ही साखरेचं विचारलंत. आता मी आपल्या नाटकातलं बोललो असतो तर तुम्ही तिथे एकट्या राहिला असता. म्हणून मी पण तिकडे आलो.

साहेबांनी विचारलं, पंपवाल्यांची वाक्यं तुला कशी येतात? म्हटलं, बघायला जायचो. ते म्हणाले, किती दिले त्यांनी? खरं सांगितलं असतं तरी आरसा त्यांना पटला नसता.

टाळी पडली ते मला माहीत नव्हतं. मला काही ऐकूच येत नव्हतं.

मधु

•

उल्हासनगर,
१५ जानेवारी १९८७

मधु,

तुझ्या पत्राला उत्तर द्यायला तीन आठवडे लागले, कारण तीस तारखेच्या पत्रात मी खोटं लिहिलं होतं आणि ते आधी निस्तरायचं होतं.

ग्लासाचं मला तेव्हा कळलं नाही. पण आपण कुठल्या नाटकात शिरलो ते मला चार वाक्यांनंतर कळलं होतं. तू माझ्यामागे आलास हेही दिसत होतं. मी तुला नाही सांभाळलं, तू मला सांभाळलंस. विंगेत येईपर्यंत सगळं डोक्यात स्वच्छ होतं, आणि पंतांनी विचारल्यावर मी तुझं नाव घेतलं. नाटकं मिसळणारी बाई असं एकदा नाव झालं की पुढच्या वर्षी कोण बोलावणार? तुला काय, एक नोकरी गेली तर दुसरी, असं मी मनाशी म्हटलं. तुला त्याच नोकरीत टिकायचं होतं हे मला पहिल्या पत्रापासून ठाऊक होतं.

सोमवारी काजबटणांचं काम बुडवून तुझ्या कारखान्यात गेले. श्यामकांत साहेबांना सांगितलं, आधी मी चुकले, मुलगा माझ्यासाठी मागे आला, पंपवाल्यांनी त्याला एक पैसा दिलेला नाही, त्याला परत घ्या आणि तुम्ही म्हणाला होतात तसं पर्मनंट करा. साहेबांनी चहा मागवला. माणूस वाईट नाही. म्हणाले, “बाई, तुम्ही आलात हे चांगलं केलंत. पण जागा दोनच होत्या आणि त्या ऑगस्टातच भरल्या.” मी म्हटलं, मग त्याला तुम्ही नोव्हेंबरपर्यंत काय सांगत होतात? ते म्हणाले, “असं काही सांगितल्याशिवाय मुलं तालमीला वेळेवर येत नाहीत.”

पुढच्या वर्षी नाटकासाठी तुला परत टेंपररी घ्यायला तयार आहेत. एवढंच आणलंय मी तुझ्यासाठी.

सुनेत्रा

•

मुक्काम चिपळूण,
२७ जानेवारी १९८७

ताई,

पत्र वाचून मी बाजारपेठेतून जे चालत सुटलो ते नदीपर्यंत. तिथे एकजण म्हशी धूत होता. त्याला विचारलं, मी धुऊ का एक? तो म्हणाला, धू. धुतली. मग जरा बरं वाटलं.

ऑगस्ट म्हणजे तुम्हाला मी पहिलं पत्र लिहिलं त्याच्याही आधी. म्हणजे नाटक पहिलं आलं असतं, कप हातात असता, आरसा त्या दिवशी दुकानात आलाच नसता, तरी डिसेंबरात मला ब्रेकच मिळाला असता. मी विचार करत होतो की साहेबांचा राग का येत नाही. मला वाटतं राग यायला मी तिथे अजून असायला पाहिजे होतो. पण एक सांगतो, खोटं असलं तरी त्या तीन महिन्यांत मी एकही तालीम चुकवली नाही. असं मी आयुष्यात दुसरं काही केलेलं नाही. टेंपररी म्हणून परत येणार नाही. वेळेवर यायला आता मला कोणी काही सांगावं लागत नाही.

तुम्ही साहेबांना जाऊन सांगायला नको होतं. इकडे आमच्या कंपनीत कल्याणचा एक लाइटवाला आहे, त्याला आधीच माहीत होतं. म्हणाला, ती बाई नाटकं मिसळते म्हणे. अंबरनाथहून कल्याणला बातमी किती दिवसांत पोचते ते मी मोजलं, सहा.

आता काम. आमच्या नाटकात आई करणाऱ्या बनूबाईंना टीव्हीवरच्या मालिकेत काम मिळालं, त्या परवा गेल्या. मालकांना आई पाहिजे. पंधरा दिवस, बारा प्रयोग, सोलापूर बाजू. मी तुमचं नाव सांगितलं. लाइटवाला तिथेच होता, तो बोललाच. श्रीपादरावांनी माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, मिसळलं ते खरं आहे, समोर मी होतो, आणि टाळी त्याच पानाला पडली. ते म्हणाले, ये म्हणावं, एकदा बघू.

मला माहीत आहे माई आहेत, मीनलची परीक्षा मार्चमध्ये आहे, काजबटणवाला पंधरा दिवस सोडणार नाही. हे सगळं मी आधी लिहायला पाहिजे होतं. मी सगळ्यांच्या बाबतीत निघायचं आधी ठरवतो. तुम्ही तसं करू नका. कंपनीच्या दादरच्या पत्त्यावर दोन ओळी टाका, नको असेल तरी टाका. आठ तारखेला सकाळी सातला कंपनीची बस कल्याणवरून जाणार आहे.

मधु

•

उल्हासनगर,
२ फेब्रुवारी १९८७

मधु,

काजबटणवाला खरंच सोडत नव्हता, तेव्हा मीच त्याला सोडला. पँटी सगळीकडे आहेत. माई म्हणते जा. मीनल म्हणते, तू घरात नसलीस तर माझा अभ्यास जास्त होतो. मागच्या गल्लीतली कुंदा रात्री सोबतीला झोपायला येईल.

श्रीपादरावांना सांग, नाईटचे दीडशे, बाराही प्रयोगांचे आगाऊ, आणि पूर्ण नाटक आधी हातात. माझी वस्तू कोणती ते पहिल्या तालमीला ठरेल, ती तू आणायची नाहीस. दौऱ्यावर असताना तू मला कुठलं गाव दाखवायला न्यायचं नाहीस. प्रयोगानंतर न्यायचं असेल तर बघू.

लाइटवाल्यालाही सांग, निर्धास्त राहा. पंपवाल्यांचा निरोप आला, पुढच्या वर्षी दुसरी बाई बघितली. बँकेचाही आला. मिसळायला आता माझ्याकडे दुसरं नाटकच नाही.

रविवारी पावणेसातला कल्याणला उभी असेन.

सुनेत्रा